शेंगांच्या पिशवीला लूट म्हणाले

भुतंखेतं मी मानत नाही. नवरा जाऊन अकरा वर्षं झाली, कधी स्वप्नातसुद्धा आला नाही. तरी लिहिते आहे, कारण राग जात नाही.

आम्ही बंगळूरच्या बसवनगुडीतले, पिढ्यान्‌पिढ्या इथलेच. गेल्या महिन्यात दुपारी टीव्हीवर शहरातल्या एका जुन्या दंगलीची डॉक्युमेंटरी लागली होती. माणसं पळत होती आणि मागून आवाज — "दुकानं लुटून पळणारा जमाव." त्या जमावात आमचे हे. डोक्यावर पिशवी, मी माझ्या लुगड्याचा काठ लावून शिवलेली.

ती दंगल नव्हतीच. इथली भुईमुगाच्या शेंगांची जत्रा होती. बैल दावं तोडून उधळला म्हणून सगळे पळाले. मी तिथेच होते. पिशवीत शेंगा होत्या.

सून म्हणाली, "अत्ते, सोडा हो. कोण ओळखणार?"

"मी ओळखलं ना?"

संध्याकाळी तेच परत लागलं, तेव्हा तिने फोनवर उतरवून घेतलं. मग फिल्म करणारीला शोधून घरी बोलावलं. मुलगी पुण्याची, राहते सर्जापूर रोडला.

"आजी, दंगलीचं फुटेज मिळालं नाही. म्हणून अर्काइव्हमधली गर्दी घेतली. सगळेच घेतात."

"तुझ्या आजोबांना चोर म्हणून लावलं असतंस?"

तिने लॅपटॉप उघडला. तीच माणसं, तेच पळणं... आणि हे नाहीत. त्यांच्या जागी माणसाएवढी मोकळी जागा, आणि लोक तिला वळसा घालून पळताहेत.

सुनेने फोन काढला. त्यात हे होते, पिशवीसकट. मुलीने दोन्ही शेजारी ठेवून तीनदा पाहिलं.

"मी काही कट केलेलं नाही, आजी."

दुसऱ्या दिवशी तिने जाऊन मूळ रीळ पाहिलं. त्यातही नाहीत.

हे असेच होते. कुणी खोटा आळ घेतला की वाद घालायचे नाहीत. भरल्या ताटावरून उठून चालू लागायचे.

मुलीचा फोन आला. "मग प्रॉब्लेम सुटला ना, आजी? आजोबा आता फिल्ममध्ये नाहीतच."

सुटला कसा? त्यांच्या मागे फुलं विकणारी गौरक्का पळते आहे, कडेवर पोर. ती लुटारू? तिच्या घरचं बोलायला कुणी उरलेलं नाही. मी सांगितलं, ते वाक्य काढ, नाहीतर ती गर्दी काढ. "बघते" म्हणाली. अजून बघतेच आहे.

हे त्यातून कसे निघून गेले, मला ठाऊक नाही. कुणी सांगू शकेल असंही वाटत नाही. पण गौरक्काला ते जमलेलं नाही. परवा परत लागलं होतं... पोर कडेवर घेऊन ती अजून पळते आहे.