सिनेमावाल्यांची नागकन्या

दिवेआगरला आमच्या नारळीच्या वाडीत मी पर्यटकांना खोल्या देतो. गेल्या हिवाळ्यात तिथे मुंबईचा एक सिनेमा दिग्दर्शक उतरला. जत्रेत तंबूत बसणाऱ्या नागकन्येवर त्याला सिनेमा काढायचा होता. बाईचं मुंडकं, खाली सापाचं धड, लोक तिकीट काढून बघतात, ती. हा गडी जत्रेत कधी गेलाच नसावा. पण ‘शोषित’ हा शब्द न्याहारीच्या घावनांबरोबरच सुरू व्हायचा.

मीच त्याला माणगावला नेलं. तिथे बाजारात बांगड्या विकणारी एक म्हातारी पूर्वी वीस वर्षं नागकन्या होती. तिने हसत सगळं सांगितलं. टेबलाला भोक, खाली आरसे, धड म्हणजे कापूस भरलेलं रंगीत कापड. लोक प्रश्न विचारत, ती उत्तरं देई. कुणी चावटपणा केला की भर तंबूत त्याची आयमाय काढी; ते ऐकायलाच गर्दी होई.

“मालक साखळीने बांधायचा का?” त्याने विचारलं.

“कोन मालक? तंबू माझा व्हता. नवरा दारात तिकिटं फाडायचा.”

त्याने वही मिटली.

शूटिंग किनाऱ्यावर झालं. नायिका साखळदंडात, डोळ्यांत औषध घालून आणलेलं पाणी, तोंडाने नुसतं फुसफुस. म्हातारीला मुद्दाम बोलावून खुर्चीत बसवलं होतं.

“आठवलं ना सगळं, आजी?” त्याने आवाज ओला करून विचारलं.

“तुमची नागीन बोलतच न्हाय. मुक्या बाईला बघाय कोन येनार?”

लाइटवाले हसले. हा मला बाजूला घेऊन म्हणाला, “बिचारीला स्वतःचं दुःखसुद्धा कळत नाही.” मी मान डोलावली, ते आजही आठवलं की स्वतःचीच किळस येते.

सिनेमा मोबाइलवर आला. माणगावच्या बायका बांगड्या भरताना तिचा हात धरून म्हणू लागल्या, “किती सोसलंत हो मावशी!” तिकीट काढून टक लावून बघणाऱ्यांनीही तिला कधी एवढं हीन लेखलं नव्हतं. एकीला तर तिने अर्धा हात भरून तसंच उठवलं.

पुढे सिनेमावाल्यांनी तिचा सत्कार ठेवला. ती गेली नाही. मी गेलो. दिग्दर्शकाने तिची रिकामी खुर्ची मंचावर मांडली आणि तिच्या मौनावर दहा मिनिटं भाषण ठोकलं. तिच्या, मौनावर! लोकांनी डोळे पुसले. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या, मीही वाजवल्या.