निकाल लागेपर्यंत लग्न नको

माझे यजमान सोनगीरजवळ हायवेवर ट्रकखाली गेले तेव्हा मी सव्वीस वर्षांची होते. नुकसानभरपाईचा दावा धुळ्याच्या न्यायाधिकरणात लागला. दावेदार दोघंच, मी आणि माझे सासरे, ज्यांना अख्खं गाव आबा म्हणतं. मूलबाळ नव्हतं. मी जळगावला मेहरूणमध्ये भावाकडे राहायला आले, ब्लाउज शिवायला लागले आणि तारीख पडली की सकाळची एसटी धरून धुळ्याला जायला लागले.

दोन वर्षांनी चाळीसगावचं स्थळ आलं. शेती औजारांचं दुकान, बायको आजारपणात गेलेली. माणूस कमी बोलणारा, पण बोलला की हसू फुटायचं. मला आवडला, उगाच आढेवेढे कशाला घेऊ! आमच्यात विधवेचा पाट लागतो, त्यात लपवण्यासारखं काही नाही. मी आधी आबांनाच विचारलं. ते म्हणाले, "बेटा, तू मनी पोरच शे. कर."

वकीलसाहेबांनी मात्र कपाळाला हात लावला. "अहो ताई, लग्न केलंत तर तुम्ही मयताच्या विधवा राहता कुठे? समोरचा वकील दावाच उडवेल, तुमच्या पायी आबाही बुडतील. निकाल लागेपर्यंत थांबा." काळ्या कोटाने सांगितलं म्हणजे तोच कायदा, असं मानणारी आम्ही माणसं. आबांचं म्हातारपण त्या दाव्यावर होतं, मला नाही म्हणायला तोंड कुठे होतं? थांबले.

किती थांबायचं, ते कोणीच सांगितलं नव्हतं. कधी ट्रकच्या विमा कंपनीचे वकील गैरहजर, कधी पंचनामा करणाऱ्या हवालदाराला समन्स पोचलेलं नाही, कधी न्यायाधीशांचीच बदली. बाकावर बसायचं, पुकारा झाला की उठायचं, मिनिटभरात पुढची तारीख घ्यायची आणि परत बसस्टँड. संध्याकाळी चाळीसगावहून फोन यायचा, "काय झालं?" मी म्हणायचे, "तारीख." पुढे पुढे तो विचारायचाच नाही, माझ्या आवाजावरून कळायचं त्याला. असा संताप यायचा की वाटायचं, त्या फाइलीला काडी लावावी! ना मी धड सून, ना कोणाची बायको, भावजयीच्या घरात कायमची पाहुणी. पाचव्या वर्षी मीच त्याला म्हटलं, "तुम्ही उरकून घ्या." दोन महिने त्याचा फोन आला नाही, आणि मग त्याने खरंच उरकून घेतलं. आबांना मी हे सांगितलं नाही. आपल्यामुळे झालं, असं त्यांनी मनाला लावून घेतलं असतं.

मग दोन-अडीच वर्षांनी एके दिवशी कोर्टाच्या फळ्यावर कागद लागला. अपघाताचे जुने दावे इतके का रखडले, म्हणून हायकोर्टाने विचारणा केली होती आणि दर महिन्याला अहवाल मागवला होता. काय सांगू, जादूच झाली! इतकी वर्षं न सापडणारा हवालदार आठवड्यात हजर. विमा कंपनीचे वकील आमच्याआधी येऊन बसलेले. माझी साक्ष लागली.

उलटतपासणीत त्या वकिलांनी विचारलं, "तुम्ही दुसरं लग्न केलंय?"

"नाही. निकालासाठी थांबलेय."

न्यायाधीश बाई होत्या. त्या टायपिस्टला मजकूर सांगता सांगता थांबल्या. "कोणी सांगितलं थांबायला? पुन्हा लग्न केलं म्हणून हक्क बुडत नाही."

मी आमच्या वकिलांकडे बघितलं, तर ते फाइलीत काहीतरी शोधत होते. बाहेर आल्यावर म्हणाले, "खबरदारी म्हणून बोललो होतो हो ताई." खबरदारी! त्यांच्यावर चिडले, पण त्याहून जास्त स्वतःवर. त्या आवारात इतके काळे कोट फिरायचे, इतक्या वर्षांत त्यातल्या एकालाही मी विचारलं नाही.

महिन्याभरात निकाल लागला, आमच्या बाजूने. आबा काठी टेकत बाहेर आले, पायरीवर बसले आणि डोळे पुसत म्हणाले, "बेटा, आते सुटनी तू. चाळीसगावले फोन लाव."

मी म्हटलं, "आबा, त्यांची मुलगी आता चालायला लागली."