देसांकाने दिलेली ओ

देसांका पावकोव्ह, स्तेवान पावकोव्ह यांची कन्या. जन्म १९२९, मृत्यू १९९१. बानात प्रांताच्या सपाटीवरील वादळे व अतिवृष्टी यांचे अंदाज वर्तविणाऱ्या प्रादेशिक कार्यालयात त्यांनी आयुष्य वेचले.

आमच्या गावावर गारांचा ढग चालून आला की गावातल्या बुडून मेलेल्या माणसाला नावाने हाक मारून, त्याचे पांढरे बैल वळवायला सांगतात. बैल म्हणजे ढग. देसांकाबाईंचा धाकटा भाऊ लाझार बेगेय नदीत बुडाला, तेव्हापासून ही हाक त्यांची आई युलाबाई मारीत.

"आई, ढग ऊन हवेनं चढतो गं. लाझाला कशाला छळतेस?" देसांकाबाई म्हणत.

"तुझं रडार सांगतं, पण वळवतं का?" शेजारचा सिमा टोमणा मारी.

एका जूनमध्ये दुपारी शाळेतला फोन वाजला. मी तेथे मुख्याध्यापक होतो.

"मास्तर, ढग सरळ गावावर येतोय. माणसं आत घ्या. आईला आधी!" देसांकाबाई कार्यालयातून बोलत होत्या.

मी धावलो. युलाबाई केस मोकळे सोडून बांधावर उभ्या होत्या.

"आत चला, देसांकाचा निरोप आहे!"

"कुणाचा?"

"देसांकाचा!"

त्या ढगाकडे वळल्या आणि कानात ताजे होते तेच नाव तोंडून गेले, "देसांकाऽ! तुझे बैल वळव गं!"

सिमाने मयतापुढे काढावी तशी टोपी काढली. जिवंत माणसाला ही हाक कोणी मारीत नाही.

ढग नदीकडे वळला. आमच्या मक्यावर एक गारही पडली नाही.

संध्याकाळच्या बसने देसांकाबाई आल्या. "रडारवर ढग वळला ना, तेव्हाच मागून तुझी हाक ऐकू आली, आई. मी ओ दिली."

युलाबाईंच्या हातून दुधाचे भांडे निसटले. "ओ दिलीस?"

"सवयीनं गं."

त्यानंतर युलाबाईंनी लेकीचे नाव उच्चारले नाही. ढगांनी ते पुन्हा ऐकू नये म्हणून नुसते "पोरी" म्हणत. "नावानं हाक मार की, मी काय भूत आहे?" असे देसांकाबाई आधी थट्टेने विचारीत, पुढे विनवू लागल्या. आईच्या अखेरच्या घटकेलाही त्यांनी तेवढेच मागितले. युलाबाईंनी ओठ घट्ट मिटून घेतले.

देसांकाबाई पुढे हृदयविकाराने, अंथरुणात गेल्या. घर चुलतभावाकडे गेले. त्या बुडाल्या नव्हत्या, म्हणून त्यांचे नाव घेणे रीतीला धरून नाही, हे मी गावातल्या बायकांना स्पष्ट बजावले. तरी गारांचा ढग आला की त्या घेतात. आईकडून राहिलेली हाक आता परक्या मारतात आणि मारून क्षणभर थांबतात. ढग कधी वळतो, कधी वळत नाही.

ओ मात्र दरवेळी येते.