मेंबरसाहेबांना अडवणारी शिंक

कौन्सिलचे मेंबर असलेल्या शेठजींनी आपल्या तंबाखूच्या पेढीच्या उंबऱ्याबाहेर पाय टाकला आणि नेमका तेव्हाच मी शिंकलो. साधीसुधी नव्हे, टोपी नाकावर आली. शेठजींनी पाय मागे घेतला, गादीवर येऊन बसले आणि पाणी मागवलं. बाहेर टांगा जुंपलेला, पुण्याच्या गाडीची वेळ झालेली.

मी गेलो होतो त्यांचं भाषण पोचवायला. मुलींच्या शाळांची सरकारी मदत कापायचा ठराव परवा पुण्याला कौन्सिलात यायचा होता. माझी बायको अशाच एका शाळेत शिकवायची. मदत गेली की भाड्याच्या दोन खोल्या जाणार, त्यांच्याबरोबर शाळाही. मतं मागताना शेठजी आमच्या दारात येऊन तिला म्हणाले होते, "ताई, तुमच्या शाळेला मी भावासारखा." तेव्हा भाषण मी लिहायचं आणि भावानं उभं राहून वाचायचं, असं ठरलं.

या भावाचं चरित्र लिहायला फार कागद लागत नाही. वडील मैंदर्गीच्या बाजारात गोणपाटावर बसून तंबाखू विकायचे, आणि ती चांगली असायची. चिरंजिवांनी तिच्यावर गुळाचं पाणी शिंपडून वजन वाढवायची विद्या काढली आणि सोलापुरात पेढी थाटली. कलेक्टरला हार, मारुतीला तेल, असं करत कौन्सिलात पोचले. तिथं त्यांनी तोंड उघडलं ते पान घालायला. आणि अशा माणसाच्या तोंडी घालायला मी शहाणा, शाळामास्तर, चांगली चांगली वाक्यं जुळवत बसलो होतो.

"शेठजी, चूक झाली. तंबाखूची भुकटी नाकात गेली," मी म्हणालो.

"मास्तर, चूक कसली? देवाचा इशारा. तुम्ही निमित्त."

"पण गाडी..."

"अपशकुनावर निघालो आणि काम बिघडलं, तर ताईंना तोंड कसं दाखवू?"

एवढं बोलून त्यांनी बोटाचा चुना माझ्या भाषणाच्या घडीला पुसला.

मी बाहेर आलो. गोदामाशी एक हमाल पोतं उतरवत होता.

"मास्तर, तोंड का पाडलंय? आमी हितं दिसभर शिंकतोय की. शेठला कदी ऐकू आलं न्हाय."

आणि खात्री पटावी म्हणून की काय, तो तिथंच दणदणीत शिंकला. आत शेठजी निवांत पान चघळत होते.

दुसऱ्या दिवशीही गाडी होती. तिनंही ते गेले नाहीत. ठराव पास झाला. कलेक्टरसाहेब कपातीच्या बाजूचे. त्यांच्या बंगल्यावर चहाला बोलावणं आलं तेव्हा मात्र शेठजी कुणाच्या शिंकेसाठी थांबले नाहीत. पेठेत बोलणं एकच: शेठ बिचारे निघाले होते हो, पण मास्तर शिंकले.

खोल्यांना कुलूप लागलं त्या संध्याकाळी ही बाराखडीचा तक्ता काखेत मारून घरी आली. मी खाटेवर बसून होतो.

"माझ्यामुळं गेली तुझी शाळा," मी म्हणालो.

तिनं तक्ता भिंतीला टेकवला. "तुमच्या नाकाला एवढा मान देऊ नका. तुम्ही शिंकला नसतात तर त्यांनी मांजर आडवं घालून घेतलं असतं. उठा, ही खाट ओट्यावर काढा. उद्या मुली बसायच्या कुठं?"