बदामाच्या डोंगरावरचा कौल

मी नर्स आहे. बावीस वर्षं झाली या कामाला, त्यातली अकरा सौदी अरेबियात, तबूकच्या एका सरकारी हॉस्पिटलात. छातीत गाठ लागली तर एक दिवसही घरी बसू नका, हे मी आजवर किती बायकांना मराठीत, हिंदीत आणि मोडक्यातोडक्या अरबीत बजावलं असेल याची गणती नाही. बजावताना आवाजही चढतो माझा. वॉर्डात माझ्या तोंडाला सगळे टरकून असतात. आणि त्याच मला एके सकाळी आंघोळ करताना डाव्या स्तनात वाटाण्याएवढी गाठ हाताला लागली, तेव्हा मी पाच आठवडे गप्प बसले. हे लिहायला लाज वाटते, पण जे घडलं ते सांगायचं तर सुरुवात इथूनच करायला हवी.

अगदीच काही केलं नाही असं नाही. मी देवाला विचारायला लावलं. आमचं गाव कुडाळजवळ. गावात कुठलंही मोठं काम निघालं की रवळनाथाचा कौल घेतात. गुरव गाऱ्हाणं घालतो, देवाच्या पाषाणावर ओल्या कळ्या लावतो आणि सगळे वाट बघत बसतात. उजवीकडची कळी आधी पडली तर होकार, डावीकडची पडली तर नकार. माझं नर्सिंग, माझं लग्न, सौदीचा व्हिसा, सगळं या कळ्यांना विचारून झालं. म्हणून धाकट्या भावाला फोन केला की कुणाला बोलू नकोस, फक्त देवाला विचार, ताईने तपासणी करून घ्यावी का. गावी असलेल्या नवऱ्याला सांगितलं नाही, कारण माझ्या साध्या सर्दीनेही त्याची झोप उडते. भाऊ दोन सोमवार देवळात गेला आणि दोन्ही वेळा त्याचा फोन आला, "कळी काय पडूक नाय गो ताय. देव बोलणा नाय." देव बोलत नाही म्हटल्यावर मला आतून चक्क बरं वाटलं. खरं म्हणजे मला उत्तर नकोच होतं. थांबायला निमित्त हवं होतं, आणि ते मी देवाच्या नावावर खपवत होते.

इथे एकाच व्यक्तीला संशय आला होता. आमच्या एक्स-रे विभागात नागपूरच्या एक डॉक्टरबाई आहेत. कँटीनमध्ये मी त्यांना "माझ्या एका मैत्रिणीला गाठ लागली आहे" असं सांगून काहीबाही विचारलं. त्यांनी कप खाली ठेवला. मग म्हणाल्या, "त्या मैत्रिणीला सांगा, रविवारी सकाळी आठला मी मशीन मोकळं ठेवते. तिला सुई टोचायची भीती वाटत असेल तर तुम्ही सोबत या." मी हो हो म्हणून निघून आले. तो बुधवार होता. त्याच संध्याकाळी भावाने कळवलं की शुक्रवारी सकाळी गुरव पुन्हा कळ्या लावणार आहे, पूजा आटपली की फोन करतो.

शुक्रवारी आमच्या हॉस्टेलच्या मुलींची सहल होती. तबूकच्या पश्चिमेला जबल अल-लौज नावाचा उंच डोंगर आहे. लौज म्हणजे बदाम. डोंगरात रानबदामाची झाडं आहेत म्हणून हे नाव. खोलीत फोनकडे बघत बसण्यापेक्षा बरं म्हणून मी ऐन वेळी नाव दिलं. आम्ही सहा जणी, बाकीच्या केरळच्या आणि फिलिपिन्सच्या. वाटाड्या अबू सालेम, पन्नाशीपुढचा, त्याच डोंगरातला माणूस, कमी बोलणारा. उजाडताच निघालो. डांबरी रस्ता सुटला तिथे त्याने उतरून चारही टायरची हवा थोडी कमी केली, बिस्मिल्ला म्हणाला आणि गाडी वाळूत घातली.

ते पुढचे दोन-तीन तास मला अजून स्वप्नात दिसतात. गुलाबी दगडाचे प्रचंड सुळके आणि त्यांच्यामधून अंथरल्यासारखी लाल वाळू. कुठे माणूस नाही, तार नाही, खांब नाही. मग हळूहळू चढ लागला. वाळू मागे पडली, राखाडी खडक आले, हवा विरळ आणि थंडगार झाली, कानांत दडे बसले. गाडीतल्या गप्पा आपोआप थांबल्या. वळणावर मागे बघितलं तर ते सुळके खाली बुटके होऊन उन्हात विरघळत चालले होते, आणि त्यांच्या मागे आणखी सुळके, त्यांच्या मागे नुसता गुलाबी धूर. आपण वर चाललो आहोत की तरंगतो आहोत हेच कळेनासं झालं. इतकी वर्षं तबूकमध्ये राहून मी हॉस्पिटल, हॉस्टेल आणि भाजीचं दुकान सोडून काही पाहिलं नव्हतं. आता पाहत होते, आणि मांडीवरच्या फोनकडेही दर दोन मिनिटांनी बघत होते. रेंज कधीच गेली होती.

माथ्याजवळच्या सपाटीवर अबू सालेमने गाडी थांबवली, काटक्या पेटवल्या, कणीक मळायला घेतली. बोटाने पलीकडची कड दाखवून आम्हा सगळ्यांना त्याच्या हिंदीत तंबी दिली, "बादल आया, बैठो. जिधर है उधर बैठो. चलना नहीं." सगळ्या जणी शेकोटीभोवती फोटो काढू लागल्या. मला काही राहवेना. गावी साडेअकरा वाजून गेले असतील, पूजा आटपली असेल, कळी पडली असेल. मी फोन हातात धरून रेंज शोधत एकटीच कड चढू लागले. वॉर्डात पेशंट पलंगावरून उतरला तरी मी आरडाओरडा करते, आणि इथे कुणालाही न सांगता चालले होते. वरच्या खडकावर पोचते तोच फोन थरथरला. भावाचा एक मिस्ड कॉल दिसला. लावायला गेले तर रेंज पुन्हा गायब. आणखी थोडं वर गेले, मग थोडं डावीकडे, मग पुन्हा वर. मान उचलली तेव्हा समोर डोंगर नव्हता. ढग आला होता.

कोकणातलं धुकं मला माहीत आहे, पण ते झाडांतून येतं, ओलं असतं, त्याच्यात कोंबडा आरवतो. या ढगाला कसला आवाज नव्हता. पुढे केलेला हात दिसत होता, हाताच्या पलीकडे काही नव्हतं. मी हाका मारल्या, त्या तोंडापाशीच मुरल्या. दोन पावलं टाकली आणि पायाखालचा खडा घरंगळत गेला तो बराच वेळ घरंगळत राहिला. तेव्हा अबू सालेमचं बोलणं आठवलं आणि मी मटकन खाली बसले. किती वेळ बसले माहीत नाही. घड्याळ होतं, पण बघितलं नाही. गार पडलेले हात काखेत धरले होते, त्यातला एक हात नकळत त्या गाठीवर गेला. पाच आठवड्यांत पहिल्यांदाच मी तो काढून घेतला नाही.

गाऱ्हाणं घालावं असं वाटलं. "बा रवळनाथा म्हाराजा" इतकं म्हटलं आणि पुढे सुचेना. विचारायचं काय? तपासणी करू का? उत्तर मला ठाऊक होतं. बावीस वर्षं ठाऊक होतं. मग मी देवाला काय विचारत होते? मला आजार नसेल ना, हे विचारत होते, आणि ते कळ्यांना विचारायची पद्धत नाही. मला रडू कोसळलं. त्या पांढऱ्या पोकळीत मी मोठमोठ्याने, मालवणीत, लहान पोरीसारखी रडले. मरणाची भीती वाटते असं पहिल्यांदा तोंडाने म्हटलं. ऐकायला कुणी नव्हतं म्हणून म्हणवलं.

पण कुणीतरी होतं. आधी घंटेचा किणकिणाट आला, मग एक काळी शेळी माझ्यासमोर येऊन उभी राहिली, आणि तिच्यामागून हातात काठी घेतलेली एक म्हातारी बाई. काळा बुरखा, डोळे तेवढे उघडे, भोवती सुरकुत्यांचं जाळं. ती या चुकार शेळीला शोधत आली होती. तिने आधी शेळीला एक शिवी हासडली असावी, मग माझ्यासमोर उकिडवी बसली आणि छातीवरच्या माझ्या हाताकडे बघून म्हणाली, "वेन अलम?"

कुठे दुखतंय. दिवसातून पन्नास वेळा मी हेच दोन शब्द पेशंटना विचारते. मला ते आजवर कुणी विचारले नव्हते. मी म्हटलं, "मा फी अलम." दुखत नाही. आणि तिचा हात धरून गाठीवर ठेवला. दुखत नाही याचीच तर भीती, हे मला अरबीत सांगता येत नव्हतं, पण ते तिला सांगावं लागलं नाही. तिने बोटांनी चाचपून बघितलं, अगदी आमच्या डॉक्टरबाई बघतात तसं, गोल गोल. तिचे डोळे बदलले. ती हळूच म्हणाली, "उख्ती." माझी बहीण. मग काठीवरचा हात उचलून हवेत झटकला. "खलास."

खलास हा आमच्या तोंडात बसलेला शब्द. ड्युटी खलास, जेवण खलास, सलाईन खलास. त्या ढगात तो पहिल्यांदाच मला ऐकू आला: पुरे झालं आता. तिने माझं मनगट धरून मला उभं केलं आणि चांगलंच दरडावलं, "यल्ला! रूही मुस्तश्फा!" चल, हॉस्पिटलात जा. अकरा वर्षं हॉस्पिटलात राबणाऱ्या नर्सला एक शेळ्या राखणारी म्हातारी डोंगराच्या माथ्यावर हॉस्पिटलात जायला सांगत होती. मला रडता रडता हसू फुटलं.

उतरताना तिने माझा हात सोडला नाही. मला फक्त तिच्या बुरख्याची धुळकट कड आणि पुढचा एक दगड दिसत होता. ती दगडावर पाऊल टाकायची, मग मी टाकायचे, मग पुढचा दगड दिसायचा. वाट कुठली, किती राहिली, मी विचारलं नाही. एवढं निर्धास्त मी लहानपणानंतर कधी चालले नव्हते. मग भाकरीचा वास आला आणि ढगातून शेकोटी वर आली. अबू सालेम हाका मारून घसा बसवून उभा होता. म्हातारी त्याची खाला, म्हणजे मावशी, निघाली. "सिस्टर, मैं क्या बोला था?" म्हणून त्याने मला सगळ्यांसमोर झाडलं, आणि मी पहिल्यांदाच कुणाचं तरी मुकाट्याने ऐकून घेतलं.

निखाऱ्याखाली राखेत भाजलेली भाकरी खालाने हातावर आपटून झटकली आणि पहिला तुकडा मला दिला. आमच्या गावातल्या मुसलमान शेजारणीलाही आम्ही खालाच म्हणायचो, त्यामुळे ते नाव आपसूक तोंडात आलं. भाकरीची राख अंगठ्याला लागली होती. मी विचार न करता ती कपाळाला लावली, अंगारा लावतात तशी. खालाने ते पाहिलं आणि माझ्या पेल्यात आणखी चहा ओतला.

संध्याकाळी तबूक जवळ आलं आणि रेंज आली. आधी डॉक्टरबाईंना मेसेज केला, "ती मैत्रीण मीच. रविवारी आठला येते." उत्तर आलं, "माहीत होतं. उपाशी राहू नका, चहा पिऊन या." मग भावाचा फोन वाजला. तो काही बोलायच्या आत मी म्हटलं, "कळी कुठली पडली ते सांगू नकोस. मी रविवारी जातेय, एवढंच देवाला सांग." मग तो म्हणाला, "बरा. सांगतंय."

गाठ तीच निघाली जिची भीती होती, पण लहान होती आणि पसरली नव्हती. ऑपरेशन झालं, किरणांचे उपचार झाले. नवऱ्याला सगळं सांगितलं, तो दोन महिने इथे येऊन राहिला आणि रोज खिचडी करपवत राहिला. पुढच्या थंडीत अबू सालेमचा फोन आला, "खाला पूछती, सिस्टर मुस्तश्फा गया?" मी म्हटलं, सांग तिला, गया. तो कौल देवाचा होता की एका बहिणीसाठी हळहळणाऱ्या बाईचा, हा वाद मी घालत नाही. शेळी चुकली, ढग आला, आणि मला हवा होता तो हात मिळाला, इतकंच मी जाणते.

यंदा सुट्टीत गावी गेले. भाऊ मला देवळात घेऊन गेला. त्या शुक्रवारी कळी उजवी पडली की डावी, त्याने अजून सांगितलेलं नाही आणि मी विचारलेलं नाही. गुरवाने सवयीने कळ्या भिजवल्या होत्या. मला बघून म्हणाला, "काय विचारूचा आसा, ताय?"

"विचारूचा काय नाय," मी म्हटलं. "फक्त सांगूचा आसा."

त्याने कळ्या बाजूला ठेवल्या. मी पाषाणासमोर हात जोडले आणि देवाला सांगितलं, "मी इलंय, म्हाराजा."