सवतीची ओटी

करमाळ्याकडच्या तानूबाईला सवत होती आणि ती कतारला राहायची. हे तानूबाई स्वतःच गावभर सांगत फिरायची, त्यामुळे कुणाला कुजबुजायची सोयच उरली नव्हती. "आमच्या धन्याची दुसरी," ती म्हणायची, "हिरवीगार हाय म्हणं! मी हितं हापशावर हंडा घिऊन उभी, आन् तिला दोन टायमाला टँकरनं आंघूळ!"

ही सवत म्हणजे दोह्याच्या कडेला असलेल्या एका जुन्या फुटबॉल स्टेडियममधलं गवत. ते राखणारा जालिंदर हा तानूबाईचा नवरा.

जालिंदर तिकडे गेला तेव्हा लग्नाची हळदही नीट उतरली नव्हती. क्लबाला माळी हवा होता. जाऊन बघतो तर काय, एका बाजूला सिमेंटच्या पायऱ्या, चार कोपऱ्यांत दिव्यांचे चार खांब आणि मधे नुसती खारी वाळू! हितं गवत? त्याला हसूच आलं. पण पोटासाठी आलेल्या माणसानं हसून चालतंय व्हय? वाळूत खत कालवलं, गवताच्या कांड्या हातानं एकेक खोचल्या, ऊन चढायच्या आत आणि उतरल्यावर पाणी दिलं. एकदाची मुळं धरली, ती धरलीच.

मग त्या गवतानं काय काय पाहिलं म्हणता! संध्याकाळी मॅच असली की ढोल घुमायचे. पांढरे झगे घातलेले म्हातारे पहिली पायरी अडवून बसायचे आणि पंचाच्या सात पिढ्या उद्धरायचे. गोल झाला की पोरं धावत येऊन गवतावर माथा टेकायची. ती माथा देवापुढं टेकतात, हे काय जालिंदरला कळत नव्हतं? पण टेकायची जागा तर आपण केलेली, एवढा मान त्यानं मनातल्या मनात घेतला होता. पायऱ्यांखालच्या खोलीतच तो राहायचा. बूट घालून उगाच कुणी गवतावर चढला तर "यल्ला, बाहर!" म्हणून ओरडायचा, मग तो क्लबाचा शेख का असेना.

हे सगळं फुकट मिळालं नाही. त्याची आई गेली त्या आठवड्यात फायनल होती. मॅनेजर म्हणाला, मॅच होऊ दे, मग जा, इन्शाल्ला. गावाकडे आईला उचलली तेव्हा जालिंदर मैदानावर पांढऱ्या रेषा मारत होता. रेष वाकडी जाऊ नये म्हणून त्यानं डोळ्याला पाणी येऊ दिलं नाही, आणि ते पाणी नंतर कधी आलंच नाही. लेकीचं, ममताचं लग्नही त्यानं फोनवर बघितलं, अक्षता पडताना तेवढी रेंज गेली. तानूबाई रडली नाही की भांडली नाही. ती फक्त थट्टा करायची, आणि तिची थट्टा त्याला भांडणापेक्षा जड जायची.

"एकदा दावा की मला ती," म्हणायची. "अनवाणी उभी ऱ्हाते तिच्या अंगावर. बघू दे तरी, आसं काय मऊ हाय तिच्यात."

"दावीन," तो म्हणायचा. दरवर्षी म्हणायचा.

पुढं वर्ल्ड कप यायचा म्हणून सगळं शहर उकरलं गेलं. नवी स्टेडियमं उठू लागली, आणि एक दिवस कळलं की हे जुनं पाडणार. जालिंदरनं घरी फोन केला. बोलताना त्याचा आवाज असा बसला की तानूबाईची थट्टा कुठल्या कुठे गेली.

"मी येनार," ती म्हणाली. "आता त्यो व्हिसाबी लागत न्हाई म्हणं. ती हाय तवर मला तिला बघायचीच हाय. आन् रिकाम्या हातानं न्हाई यायची. सवत आसली म्हणून काय झालं? पहिल्यांदा भेटनार, तर खणा-नारळानं वटी भरीन तिची."

सोय झाली ती देवव्रत साहेबांमुळे. हे मूळचे पुण्याचे, पाडकामावरचे इंजिनिअर. मदिनत खलीफा वस्तीतल्या त्यांच्या बंगल्याची बाग जालिंदर शुक्रवारी बघायचा. त्यांची बायको नमिता पुण्याला माहेरी गेली होती, मार्चअखेर परतणार होती. तिच्याबरोबर तानूबाई येणार, असं ठरलं.

पण पाडकाम तोवर थांबतंय थोडंच! जालिंदरची खोली पहिल्याच झटक्यात गेली आणि तो शहराबाहेर, बिरकत अल अवामेरच्या कामगारांच्या कॅम्पात राहायला गेला. मैदानाचं पाणी तोडलं. आणि दैवाची तऱ्हा बघा, काम कुठलं मिळालं? टँकरचं! पाडताना धूळ उडू नये म्हणून ढिगाऱ्यावर पाणी मारत राहायचं. जन्मभर गवत भिजवलं, आता दगडं भिजव बाबा.

गवत पिवळं पडायला लागलं तसा तो साहेबांकडे गेला. "साहेब, एक तुकडा ठेवा. बायको येईस्तवर. एवढंच मागतो."

देवव्रत साहेबांनी त्याच्याकडे पाहिलं. मग नकाशाकडे पाहत म्हणाले, "जालिंदरभाऊ, उत्तरेकडचा गोलपोस्ट पाडायच्या प्रोग्रॅममध्ये लास्ट आहे. तोपर्यंत तिथे तुम्ही काय भिजवता ते मला दिसणार नाही."

झालं! त्या गोलासमोर खळ्याएवढा तुकडा त्यानं जगवला. टँकर रिकामा व्हायच्या आत शेवटचं पाणी तिकडे. पाडायचं मशीन चालवणाऱ्या रहमाननं भोवती लाल पट्टी बांधून दिली. बाकी सगळं मैदान मातीमोल झालं, पण तो तुकडा असा तरारला की रहमानही जेवायला त्याच्या कडेला येऊन बसायचा. तानूबाई येण्याच्या आदल्या दिवशी जालिंदरनं तो कैचीनं, गुडघ्यावर बसून, कापला. नवरीचे केस विंचरावेत तसा.

ती येणार त्या दिवशी देवव्रत साहेब एअरपोर्टला गेले आणि जालिंदर टँकर भरायला गेला. नेमकं तेव्हाच वरून फर्मान आलं, उत्तरेकडचे दिव्यांचे खांब आणि गोलामागची भिंत आजच उतरवा, उद्या मोठे लोक बघायला येणार आहेत. अडवणार कोण? अडवणारा तर तानूबाईलाच आणायला गेला होता!

जालिंदर परतला तेव्हा गोलाच्या जागी काँक्रीटचा ढीग होता. लाल पट्टीचं एक टोक खालून डोकावत होतं. रहमान मशीनवरून उतरून आला, त्याला डोळे वर करवेनात.

"भाई, मैंने बोला था उनको. कोई नहीं सुना."

धूळ उडत होती. जालिंदरनं पाइप घेतला आणि ढिगावर पाणी मारायला लागला.

तानूबाईनं एअरपोर्टवरून घरी जायला नकार दिला. आधी तिला बघते, म्हणाली. देवव्रत साहेबांनी तिला जाळीच्या कुंपणापर्यंत आणलं आणि आतलं दृश्य बघून ते जागच्या जागी थांबले.

तानूबाईला मात्र दिसला तो तिचा म्हातारा झालेला नवरा, नारिंगी जॅकेट घातलेला, दगडांना पाणी घालतोय.

"अवं," तिनं हाक मारली. "कुठाय ती?"

जालिंदर जाळीपाशी आला. त्यानं ढिगाकडे बोट केलं. "हिच्याखाली. दुपारपतुर हुती गं. तुझ्यासाठी ठिवली हुती."

तानूबाईनं पिशवीत हात घातला. खण काढला, नारळ काढला, करमाळ्याहून फडक्यात बांधून आणलेले गहू काढले.

"ऱ्हाऊ दे आता, तानू," जालिंदर म्हणाला. "कुनाची भरतीस?"

"कुनाची म्हंजे? धनी जित्ता आसताना गेली न्हवं ती? मंग सवाष्ण गेली. सवाष्णीला वटी भरल्याबिगर लावून देत्यात व्हय?" जाळी फाटली होती तिथून तिनं हात आत घातला. "तिला पदर न्हाई. तुमीच घ्या तिच्या वतीनं."

जालिंदरनं जॅकेटचं टोक पसरलं. तिनं त्यात खण ठेवला, नारळ ठेवला, ओंजळीनं गहू घातले. तो ते सांभाळत ढिगापाशी गेला आणि लाल पट्टीच्या टोकाशी ठेवून आला. रहमाननं मशीन बंद केली. तानूबाईनं जाळीबाहेरूनच हात जोडले.

"माझ्या माणसाला लई वर्सं सांभाळलंस बाई," ती म्हणाली.

ते ऐकलं मात्र, जालिंदर जाळीला धरून खाली बसला. खांदे गदगदा हलायला लागले. तानूबाईही मातीत त्याच्यासमोर बसली आणि जाळीतून बोटं घालून तिनं त्याची बोटं धरली.

"रडा," ती म्हणाली. "आईच्या वक्ताला रडाय घावलं न्हाई तुमास्नी. आता रडून घ्या."