हिवरवाडीची चाळिसावी चूल

या ग्रुपवरचे भुताखेतांचे अनुभव मी दोन वर्षं जेवताना वाचतेय आणि नवऱ्याला वाचून दाखवून हसतेय. रस्त्यात पांढरी साडी, मागे वळून पाहिलं तर कोणी नाही... दरवेळी तेच! असल्या प्रकारांवर माझा काडीचा विश्वास नाही. मी वस्तीवरच्या शाळेत शिकवते, आणि त्यातही गणित माझ्या जिवाचं. दोन वेळा मोजून एकच उत्तर आलं तरच मी मान हलवते. तरी आज लिहायला बसलेय, कारण चुकली ती माझीच मोजणी. चुकली की नाही, तेही आता कोण जाणे.

आधी जागा सांगते. वाशीम जिल्ह्यात रिठदहून आत वळलं की सोयाबीन-तुरीच्या शेतांमधून एक रस्ता जातो, त्याच्या टोकाला हिवरवाडी. कागदावर मात्र हिवरवाडी नाहीच! ग्रामपंचायत शेजारच्या मोठ्या गावाची, आधार कार्डावर पत्ता त्याच गावाचा, मोबाईलच्या नकाशात नुसतं हिरवं शेत. पार्सलवाला मोठ्या गावातूनच फोन करतो, "मॅडम, पुढं काही दाखवून नाही राह्यलं." पण लग्नपत्रिकेवर इथला प्रत्येक जण ठसठशीत 'हिवरवाडी' छापतो. पिठाची गिरणी आहे, रशीदभाईंचं दुकान आहे, तिथे बांगड्यांपासून मोबाईलच्या चार्जरपर्यंत सगळं मिळतं. माणसं भांडतात कमी आणि चहा पाजतात जास्त. मी इथे तीन वर्षं आहे आणि बदलीचा अर्ज करायचं विसरूनच गेलेय.

हिवरवाडीचं नाव कागदावर यावं म्हणून पुंजाजी बापू जन्मभर अर्ज करत आले. ऐंशीच्या घरातला माणूस, पांढरं धोतर, काखेत अर्जांची पिशवी. गेल्या हिवाळ्यात एकदाचं तालुक्याहून उत्तर आलं. साहेब स्वतः पाहायला येणार होते आणि त्यांचं म्हणणं एकच, चाळीस घरं दाखवा. वस्तीत घरं म्हणजे चुली. दोन भाऊ वेगळे झाले की छप्पर एक असलं तरी चुली दोन, म्हणजे घरं दोन. साहेबांना ते मान्य होतं.

"मॅडम, यादी तुमीच करा," बापू मला म्हणाले. "आमच्यातल्या कोनी मोजलं त सासरी गेलेल्या पोरीबी लिवते." हसत म्हणाले, आणि काखेतली पिशवी मांडीवर घेतली. "मी हाये तवर पाटी लागली पाह्यजे बाप्पा. फाट्यावर, मोठ्या अक्षरात. माया बापाचंबी तेच राह्यलं."

रविवारी सकाळी मी शाळेची वही घेऊन निघाले. प्रत्येक दारात थांबायचं, 'चूल कोणाची?' विचारायचं, नाव लिहायचं, सही किंवा अंगठा घ्यायचा. सगळीकडे आता गॅस आहे, पण चूल हाच शब्द चालतो. चहाला नाही म्हणता म्हणता नाकी नऊ आले. शेवटच्या घरापर्यंत एकोणचाळीस झाले. मी वहीवर बोट ठेवून पुन्हा मोजले, एकोणचाळीसच. आता या म्हाताऱ्याला कोणत्या तोंडाने सांगू?

तेवढ्यात भाकरीचा वास आला, लाकडाच्या जाळावरच्या भाकरीचा. शेवटच्या घराच्या पलीकडे बोरीचं झाड आहे, त्याच्या अलीकडे एक बाई चुलीपुढे बसलेली. काळी-सावळी, कपाळभर गोंदण, अंगावर हिरवं लुगडं. मी तिला याआधी पाहिलं नव्हतं. पण कारखान्यावरून, वीटभट्टीवरून माणसं येत-जात असतात, मला काही वेगळं वाटलं नाही.

"इकडं मागून काहून आली वं?" तिने मलाच झापलं. "मायी चूल पयली लिवाची, त तू शेवटी लिवून राह्यली!"

"अहो, मला माहीत नव्हतं... नाव सांगा."

"मथुरा लिव."

"आडनाव?"

"आडनाव घेऊन काय भाकर थापाची हाये? नुसतं मथुरा लिव." आणि मग मान वाकडी करून वहीत डोकावली. "वर गावाचं नाव लिवलं का?"

मी वहीच्या डोक्यावर लिहिलेलं 'हिवरवाडी' दाखवलं. ती इतकी खूश झाली, की मला कारण नसताना भरून आलं. हाताला पीठ होतं म्हणून अंगठा नंतर देते म्हणाली. मी चाळिसावं नाव लिहिलं आणि जवळजवळ पळतच बापूंकडे गेले. "बापू, चाळीस! भरली!"

बापूंनी वही डोळ्यांजवळ नेली. शेवटच्या नावावर त्यांचं बोट थांबलं.

"ही कुठं भेटली तुमाले?"

मी सांगितलं. बापू उठले, मला घेऊन बोरीपाशी गेले. तिथे मोकळी जागा होती. ना चूल, ना राख, नुसतं वाळकं गवत. तेव्हा माझ्या ध्यानात आलं, की मी चूल पाहिली, बाई पाहिली, भाकरी पाहिली... पण भिंत? दार? ते मी पाहिलंच नव्हतं. चूल दिसली की घर धरायचं, हे मी यांच्यातच राहून शिकले होते ना!

बापू खाली बसले. मोठ्या गावात प्लेग आला, तेव्हा लोक शेतात झोपड्या घालून राहिले, असं त्यांनी सांगितलं. साथ सरली, सगळे परत निघाले. एकटी मथुरा निघाली नाही. मी पेटवलेली चूल सोडून येत नाही म्हणाली, आणि तिच्यापायी आणखी तीन घरं थांबली. तीच हिवरवाडी. अजूनही भंडाऱ्याचं चूलबंद आवतन, म्हणजे त्या दिवशी घरात चूल पेटवू नका, सगळे जेवायला या असं बोलावणं, फिरायला लागलं की पहिल्या अक्षता या बोरीखाली ठेवतात. मला हे कोणी कधी सांगितलं नव्हतं. शपथेवर सांगते.

"मग नाव राहू द्यायचं?" मी हळूच विचारलं.

बापूंनी वही मिटून माझ्या हातात दिली. मग म्हणाले, "नाई मॅडम. जी सायबाले चा देऊ शकत नाई, तिचं नाव कायले लिवता? खोटं सांगून गाव नाई पाह्यजे." त्यांनी धोतराच्या सोग्याने डोळे पुसले. मी घरी येऊन एकोणचाळिसांची यादी नव्याने लिहून काढली. इतकं जिवावर आलेलं काम मी आजवर केलेलं नाही.

मंगळवारी साहेब आले. यादी न पाहताच म्हणाले, "आधी मी स्वतः फिरतो, सोबत कोणी नको." दीड तास आम्ही शाळेच्या ओट्यावर बसून होतो. रशीदभाईंनी दुकान बंद ठेवलं होतं. बापूंनी पिशवी घट्ट धरली होती.

साहेब घाम पुसत आले. माझी यादी आपल्या डायरीशी ताडून पाहिली आणि कपाळाला आठी.

"शाळेत गणित कोण शिकवतं?"

"मीच, सर."

"मग ही एकोणचाळीस कशी? एक घर सुटलंय तुमचं. त्या बोरीजवळच्या बाई. फार बोलतात हो! म्हणे, माझं नाव लिहिलं होतं आणि खोडलं कोणी? मलाच रागावल्या."

बापूंनी माझ्याकडे पाहिलं, मी बापूंकडे. त्यांचे ओठ हलले, खरं सांगायला निघाले होते ते, मला कळलं.

फाट्यावर आता पाटी आहे. हिरव्यावर पांढरी, मोठ्या अक्षरात. बापू रोज सकाळी तिथवर चालत जातात आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला विनाकारण थांबवून गावाचं नाव वाचायला लावतात. रविवारी मी काय पाहिलं, मंगळवारी साहेबांनी काय पाहिलं, हे मी आता शोधत बसत नाही. हसायचं त्यांनी खुशाल हसा.

एवढंच सांगते. साहेबांनी पेन पुढे केलं, तेव्हा बापूंच्या आधी मीच बोलले. "चुकलंच सर माझं," म्हटलं, आणि चाळिसावं नाव सगळ्यांत वर लिहिलं.